खतखत्यातल्या तीन बहिणी

गोव्यातल्या सारस्वत घरांत गणेश चतुर्थीला खतखतं शिजतं तेव्हा भाज्या मोजून घेतात. पाच, सात, नऊ. संख्या विषम हवी. सुरण, कच्चं केळं, मुळा, शेवग्याच्या शेंगा, रताळं, लाल भोपळा, मक्याच्या कणसाचे तुकडे. बुडाला तूरडाळ, त्यावर ओल्या नारळाचं वाटण, आंबटपणाला सोलं, शेवटी ठेचलेली त्रिफळं. कांदा नाही, लसूण नाही, बहुतेक घरांत फोडणीही नाही. नैवेद्याच्या पानात बिनदिक्कत वाढावा इतका सोवळा पदार्थ. मात्र यातली रताळं, लाल भोपळा, मका आणि वाटणातली मिरची ही चारही मूळची अमेरिका खंडातली. 1492 नंतर जहाजांतून ती जगभर फिरली. 1510 मध्ये गोवा घेणाऱ्या पोर्तुगिजांकडे त्याच काळात ब्राझीलही होतं, त्यामुळे आपल्या किनाऱ्यावर ही पिकं उतरायला फार काळ लागला नाही.

थोडक्यात, खतखतं हा आधीच दोन खंडांचा पदार्थ आहे. मसाला, आंबट, नारळ आणि पद्धत कोकणची. निम्म्या भाज्या अमेरिकेच्या. या प्रकरणात आपण तीच ओळख पुढे न्यायची आहे. अमेरिकेतल्या मूळ रहिवाशांनी मका, घेवडा आणि भोपळा या त्रिकुटावर जो स्वयंपाक उभा केला, तो खतखत्याच्या चौकटीत बसवून शरद ऋतूचा एक पौष्टिक स्टू शिजवायचा. तो का जमतो, कशामुळे फसू शकतो आणि त्यातलं नेमकं काय पौष्टिक आहे, हे शिजवण्याआधी समजून घेऊ.

तीन बहिणींचं शेत

आजच्या न्यूयॉर्क राज्याचा वरचा भाग आणि कॅनडातल्या ऑन्टारियोचा दक्षिण भाग इथे होडेनोशोनी लोकांची वस्ती आहे. इंग्रजी पुस्तकांत त्यांचं नाव इरोक्वॉय असं येतं. मोहॉक, ओनायडा, ओनोंडागा, कायुगा आणि सेनेका या पाच राष्ट्रांचा हा संघ. 1722 च्या सुमारास टस्करोरा हे सहावं राष्ट्र त्यात आलं. मका, घेवडा आणि भोपळा या तीन पिकांना ते तीन बहिणी मानतात. त्यांच्या सृष्टिकथेत आकाशातून उतरलेल्या स्त्रीची मुलगी मरण पावते आणि तिच्या पुरलेल्या देहातून ही पिकं उगवतात. आभाराच्या प्रार्थनेत आजही या तिघींचं नाव घेतलं जातं.

शेती मात्र कथेपेक्षा व्यवहारी. मातीचे छोटे उंचवटे करायचे, त्यांत आधी मका पेरायचा. तो हातभर वर आला की बुंध्याशी घेवडा लावायचा आणि मधल्या जागेत भोपळा. वेल चढवायला वेगळे मांडव नकोत, कारण मक्याचं ताट हाच घेवड्याचा आधार. घेवड्याच्या मुळांवरच्या गाठींत रायझोबियम जिवाणू राहतात आणि हवेतला नायट्रोजन बांधून ठेवतात. भोपळ्याची रुंद पानं जमीन झाकतात. तणाला ऊन मिळत नाही, ओल टिकते. ज्वारीत तूर घेणाऱ्या आपल्या शेतकऱ्याला यात नवल वाटणार नाही, आंतरपीक त्याच्या अंगवळणी पडलेलं आहे. कॉर्नेल विद्यापीठातल्या कृषिशास्त्रज्ञ जेन माउंट प्लेझंट यांनी या पद्धतीचं मोजमाप केलं. तेवढ्याच जमिनीत तिन्ही पिकं वेगवेगळी घेण्यापेक्षा एकत्र घेतल्यास उष्मांक आणि प्रथिनं अधिक मिळतात, असं त्यांच्या अभ्यासात दिसलं.

हे शेत एकदा जाळलंही गेलं. अमेरिकी स्वातंत्र्ययुद्धात होडेनोशोनींपैकी बरीच राष्ट्रं ब्रिटिशांच्या बाजूने होती. 1779 मध्ये जॉर्ज वॉशिंग्टन यांच्या आदेशावरून जनरल सलिव्हनच्या फौजेने त्यांची गावं, उभी पिकं आणि धान्याची कोठारं पद्धतशीर नष्ट केली. बियाणं मात्र उरलं. न्यूयॉर्क राज्यातल्या गनॉन्डागन या सेनेकांच्या जुन्या गावाच्या जागी आज पांढऱ्या मक्याचा प्रकल्प चालतो आणि त्या जुन्या वाणाचे दाणे नि पीठ विकत मिळतं. 2009 साली अमेरिकेने काढलेल्या एका डॉलरच्या नाण्यावर तिन्ही पिकांच्या शेतात बी पेरणारी स्त्री आहे.

बैलाविना पिकलेलं

आपल्याकडे याच हंगामाच्या तोंडाशी ऋषिपंचमी येते. भाद्रपद शुद्ध पंचमीला व्रत करणाऱ्या बायका बैलाच्या कष्टाचं खात नाहीत. नांगरलेल्या शेतातलं धान्य, भाजी त्या दिवशी वर्ज्य. परसात, कुंपणावर, माळावर हाताने लावलेलं किंवा आपसूक उगवलेलं तेवढंच पातेल्यात पडतं. अळू, माठ, पडवळ, सुरण, भोपळा आणि मक्याची कणसं एकत्र शिजतात. मसाला जवळजवळ नाहीच.

होडेनोशोनींच्या शेतावर ही अट वर्षभर आपोआप पाळली जात होती. कोलंबस पोहोचेपर्यंत अमेरिका खंडात नांगर ओढणारं जनावरच नव्हतं. गाई-बैल तिथे उतरले ते 1493 मध्ये, स्पॅनिश जहाजांतून. अँडीज पर्वतातला लामा ओझं वाहत असे, पण नांगराला कोणी जुंपत नसे. मका, घेवडा आणि भोपळा ही तिन्ही पिकं हजारो वर्षं फक्त कुदळीवर आणि माणसाच्या हातांवर वाढली, आणि त्या शेतात हात प्रामुख्याने बायकांचे असत. म्हणून ऋषिपंचमीच्या भाजीत मका आणि भोपळा यांना जागा मिळाली ती काही चुकीची नाही. परसातल्या आळ्यात, बैलाविना वाढण्याची त्यांची सवय फार जुनी आहे.

तिसरी बहीण, म्हणजे घेवडा, महाराष्ट्रात वेगळ्या वाटेने रुजली. सातारा जिल्ह्यातल्या कोरेगाव परिसरात पिकणारा वाघ्या घेवडा हा राजम्याचाच भाऊबंद. फिक्या दाण्यावर लालसर पट्टे, लवकर शिजणारा, चवीला किंचित गोड. त्याला भौगोलिक मानांकन मिळालेलं आहे. पट्टेदार दाणा पाहून तो मूळचा अमेरिकेतला असेल असं कोणाला वाटणार नाही, पण वनस्पतिशास्त्राच्या दृष्टीने तो मेक्सिकोतल्या आणि न्यूयॉर्कमधल्या घेवड्याच्याच जातीचा आहे.

भोपळ्याचंही तसंच. अमेरिकेतल्या दुकानांत ऑक्टोबरात रचून ठेवलेला फिकट, लांबट, एका टोकाला फुगीर बटरनट स्क्वॉश आणि आपल्या बाजारातला हिरवट सालीचा लाल भोपळा दिसायला वेगळे. पण बहुतांश लाल भोपळे आणि बटरनट यांची वनस्पतिशास्त्रीय जात एकच, कुकुर्बिटा मॉस्काटा. न्यू जर्सीत किंवा टोरांटोत नवरात्राच्या दिवसांत भोपळ्याची भाजी करायला निघालेल्या मराठी घराने बटरनट उचलला तर ती तडजोड नव्हे. तडजोड होईल ती हॅलोविनसाठी रचलेले मोठे नारिंगी भोपळे आणले तर. ते कोरण्यासाठी वाढवलेले असतात. गर पाणचट आणि रेषाळ निघतो. कोरड्या, पिठूळ गराचा भोपळा आवडत असेल तर जपानी काबोचा घ्यावा. त्याची साल पातळ असते आणि शिजल्यावर खाता येते.

कोणाची जागा कोण घेतो

दोन पाकपरंपरा एकत्र आणताना सर्वांत सोपा आणि सर्वांत वाईट मार्ग म्हणजे दोन्हींकडचे मसाले एकाच कढईत ओतणं. प्रत्येक स्वयंपाकात मसाल्यांचा आपापला तोल असतो आणि दोन तोल एकावर एक ठेवले की दोन्ही बिघडतात. लग्नघरात यजमान एकच असतो. दुसऱ्या बाजूची माणसं कितीही मानाची असली तरी स्वयंपाकाच्या खोलीत आज्ञा एकाचीच चालते. इथे यजमान खतखतं आहे. वाटण, आंबट, सुवास आणि शिजवण्याची पद्धत त्याची. होडेनोशोनी स्वयंपाक देणार आहे तो मुख्य ऐवज आणि त्यातलं प्रमाण.

हे जमतं, कारण दोन्हीकडे जागा त्याच आहेत. खतखत्यात नारळ जे काम करतो ते ईशान्य अमेरिकेत हिकरीचं फळ करत असे. हिकरी अक्रोडाच्या कुळातली. तिची फळं कुटून, उकळून, गाळून जो दाट पांढरा रस निघे तो मक्याच्या पेजेत आणि भाजीत घालत. अमेरिकेच्या दक्षिणेकडे हिंडलेले निसर्ग-अभ्यासक विल्यम बार्ट्रम यांनी 1791 च्या आपल्या प्रवासग्रंथात क्रीक लोकांच्या या हिकरी-दुधाचं वर्णन केलं आहे. फोडा, कुटा, पिळा, गाळा: कोकणातल्या स्वयंपाकघरात नारळाचं होतं तेच.

गोडव्याला आपल्याकडे गूळ, तिकडे मेपलचा पाक. दोन्ही वनस्पतीचा रस आटवूनच होतात. मेपलच्या साधारण 40 लिटर रसातून 1 लिटर पाक हाती येतो. आंबटाला आपली सोलं, म्हणजे वाळवलेली कोकमाची सालं. तिकडच्या दलदलीत याच हंगामात क्रॅनबेरी पिकते. सोलं मिळालीच नाहीत तर मूठभर ताज्या क्रॅनबेरी ती जागा बरीच भरून काढतात, आणि रंगही जवळचा येतो.

सर्वांत गमतीची जोडी त्रिफळाची. बांगड्याच्या कढीत आणि खतखत्यात जिभेला मुंग्या आणणारं हे फळ झँथॉक्सिलम या वंशातलं. चिनी स्वयंपाकातली सिचुआन मिरी त्याच वंशातली. आणि ऑन्टारियो नि न्यूयॉर्कच्या रानात त्याच वंशाचं एक काटेरी झुडूप वाढतं, ज्याची साल चावून तिथले मूळ रहिवासी दाढदुखी शमवत. इंग्रजी बोलणाऱ्यांनी त्याला दातदुखीचं झाड असंच नाव दिलं. या वंशातल्या झाडांत सँशूल गटाची रसायनं असतात. ती जिभेवरच्या स्पर्श ओळखणाऱ्या मज्जातंतूंना चेतवतात आणि त्यामुळे चव म्हणता येणार नाही अशी झिणझिणी येते. परदेशात त्रिफळं न मिळाल्यास सिचुआन मिरी निम्म्या प्रमाणात वापरावी. जंगलातल्या झुडपाचा प्रयोग घरी करू नये.

तूरडाळीची जागा घेवडा घेतो. म्हणून या स्टूत डाळ नाही. शिजलेल्या घेवड्यातला वाटीभर घोटून परत मिसळला की रसाला हवा तेवढा दाटपणा येतो.

पातेल्यातलं शास्त्र

भाज्यांचा स्टू फसतो तो बहुतेकदा क्रमामुळे. सगळ्या भाज्या एकदम टाकल्या की भोपळ्याचा लगदा होतो आणि घेवडा टणक राहतो. मग तो शिजावा म्हणून आणखी उकळत ठेवलं तर उरलेल्या भाज्यांचीही तीच गत. त्यामागची कारणं कळली की क्रम पाठ करावा लागत नाही.

भाजीच्या पेशी एकमेकींना धरून ठेवतात त्या पेक्टिनच्या जोरावर. उष्णतेने पेक्टिन विरघळतं, भाजी मऊ होते. आम्लात ते सावकाश विरघळतं आणि कॅल्शियम असेल तर आणखी घट्ट बसतं. म्हणून सोलं आधी पडली की घेवडा तासभर उकळूनही दाताखाली कचकच वाजतो. गुळाचंही तेच, त्यात कॅल्शियम असतं आणि साखरही. बॉस्टनची मोलॅसिसमध्ये शिजवलेली घेवड्याची प्रसिद्ध उसळ कित्येक तास मंद आचेवर ठेवूनही दाणा अख्खा राहतो तो याच कारणाने. आपल्याला दाणा मऊ हवा, त्यामुळे आंबट आणि गोड दोन्ही शेवटी.

मिठाबद्दलचा समज मात्र उलटा आहे. कडधान्य भिजवताना मीठ घातलं तर ते शिजत नाही असं अनेक घरांत सांगतात. प्रत्यक्षात भिजवण्याच्या पाण्यातलं मीठ सालीतल्या कॅल्शियमला बाजूला सारतं, साल मऊ होते आणि दाणा फुटत नाही.

घेवड्याबाबत एक नियम मोडायचा नाही. राजमा आणि त्याच्या जातीच्या कच्च्या दाण्यांत फायटोहिमॅग्लुटिनिन नावाचं विषारी प्रथिन असतं. लाल राजम्यात ते सर्वांत जास्त. अर्धवट शिजलेले थोडे दाणेही उलट्या-जुलाबाला पुरतात. अमेरिकेच्या अन्न आणि औषध प्रशासनाचा सल्ला असा: किमान 5 तास भिजवा, ते पाणी फेका, नव्या पाण्यात 30 मिनिटं खळखळून उकळा. आपला प्रेशर कुकर हे काम चोख करतो. मंद आचेवर दिवसभर शिजवणारी विजेची भांडी मात्र पुरेशी तापत नाहीत. परदेशात ती वापरणाऱ्यांनी राजमा आधी वेगळा उकळून घ्यावा.

रताळ्याची गोष्ट गोड आहे. त्यात पिष्टाची साखर करणारं एक विकर असतं आणि साधारण 60 ते 75 अंश सेल्सिअसच्या दरम्यान ते जोरात काम करतं. रताळं उकळत्या पाण्यात टाकलं तर हा टप्पा झपाट्याने ओलांडला जातो. गार पाण्यात घालून मंद आचेवर तापवत नेलं तर माल्टोज ही साखर भरपूर तयार होते आणि वरून गूळ कमी लागतो.

मक्याची कणसं तुकडे करून घालण्याची कोकणातली रीत वाया जाणारी नाही. दाणे सोलून घेतले तरी बुरकुंड पाण्यात उकळावं. त्यातला गोडवा आणि वास रसात उतरतो.

पौष्टिक म्हणजे काय?

मक्याच्या प्रथिनांत लायसिन आणि ट्रिप्टोफॅन ही दोन अमिनो आम्लं कमी पडतात. घेवड्यात लायसिन भरपूर, पण मेथिओनिन कमी. ते मक्यात बऱ्यापैकी असतं. एकाची उणीव दुसरा भरतो, जशी वरणभातात किंवा पिठलं-भाकरीत भरली जाते. तिन्ही बहिणी एकत्र पिकवणाऱ्यांनी त्या एकत्र शिजवल्याही, हे त्यांच्या आहाराचं बळ होतं.

मक्याबाबत त्यांना आणखी एक गोष्ट ठाऊक होती. वाळलेला मका ते लाकडाच्या राखेच्या पाण्यात उकळून, साल काढून, धुऊन घेत. मेक्सिकोत त्यासाठी चुना वापरतात. या क्रियेने मक्यात अडकून बसलेलं नायसिन हे जीवनसत्त्व शरीराला मिळू शकतं. युरोपने मका नेला, ही क्रिया नेली नाही. मक्यावरच गुजराण करणाऱ्या गरीब शेतकऱ्यांत पुढे पेलाग्रा हा रोग पसरला, आणि नायसिनची उणीव हे त्याचं कारण समजायला विसावं शतक उजाडावं लागलं. आपण ताजी कणसं घालतो आणि जेवणात इतर धान्यं-कडधान्यं असतात, त्यामुळे आपल्याला ही चिंता नाही. एखादं पीक परक्या देशातून आणताना ते शिजवण्याचं ज्ञानही सोबत आणावं, एवढा धडा मात्र घेण्याजोगा आहे.

भोपळ्याचा नारिंगी रंग बीटा कॅरोटिनचा. शरीर त्यापासून अ जीवनसत्त्व बनवतं. हे द्रव्य पाण्यात विरघळत नाही, स्निग्धात विरघळतं. निव्वळ पाण्यात उकडलेला भोपळा खाल्ला तर त्यातलं थोडंच अंगी लागतं. नारळाचं वाटण आणि वरून दोन चमचे तेल एवढं स्निग्ध त्यासाठी पुरेसं आहे. नारळात संपृक्त मेद बराच असतो. म्हणून सहा माणसांना वाटीभर खोवलेलं खोबरं ठीक, नारळच्या नारळ नको.

जागतिक आरोग्य संघटना दिवसाला किमान 400 ग्रॅम भाज्या-फळं खायला सांगते आणि त्या हिशेबात बटाटा, रताळं यांसारखे पिष्टमय कंद धरत नाही. पुढच्या कृतीत भोपळा आणि मुळा मिळून माणशी सुमारे 125 ग्रॅम पडतात, म्हणजे त्या आकड्याचा जवळपास तिसरा हिस्सा. घेवड्यातून माणशी 5 ते 6 ग्रॅम प्रथिनं आणि भरपूर चोथा मिळतो. ज्यांना मूत्रपिंडाच्या विकारामुळे पोटॅशियम मोजून घ्यावं लागतं, त्यांनी डॉक्टरांना विचारूनच हा स्टू खावा.

शरदातल्या आहाराबद्दल वाग्भटाच्या अष्टांगहृदयात सांगितलं आहे ते असं: या काळात पित्त वाढतं, म्हणून हलकं, गोड, कडू खावं. महाराष्ट्रातल्या ऑक्टोबरच्या उन्हात हा सल्ला पटतो. तेव्हा मिरच्या दोनच घाला, रस पातळ ठेवा. ऑन्टारियोत त्याच महिन्यात गारठा पडलेला असतो; तिथे मिरच्या वाढवा, घेवडा जास्त घोटा. ऋतू एकच, पण त्याची मागणी दोन ठिकाणी वेगळी.

कृती (सहा माणसांसाठी)

साहित्य: वाघ्या घेवडा किंवा राजमा 150 ग्रॅम; लाल भोपळा 600 ग्रॅम; मक्याची 2 कणसं; रताळी 200 ग्रॅम; मुळा 150 ग्रॅम; खोवलेलं ओलं खोबरं 1 वाटी; सुक्या ब्याडगी मिरच्या 2 ते 5; हळद अर्धा चमचा; त्रिफळं 8 ते 10; सोलं 5 ते 6; गूळ किंवा मेपलचा पाक 1 मोठा चमचा; खोबरेल तेल 2 चमचे; मीठ; वरून घालायला भाजलेल्या भोपळ्याच्या बिया. घेवडा धरून भाज्या पाच, म्हणजे विषम संख्येचा मान राहतो.

घेवडा चमचाभर मीठ घातलेल्या पाण्यात रात्रभर भिजवा. सकाळी पाणी फेकून, धुऊन, नव्या पाण्यात कुकरला लावा. वाघ्या घेवड्याला 4 शिट्ट्या पुरतात. लाल राजम्याला अधिक. दाणा दोन बोटांत दाबला की सहज चिरडला पाहिजे. वाटीभर दाणे घोटून बाजूला ठेवा. शिजवलेलं पाणी फेकू नका.

रुंद पातेल्यात दीड लिटर गार पाणी घ्या. त्यात रताळ्याचे आणि मुळ्याचे जाड तुकडे, कणसाच्या पेरभर जाडीच्या चकत्या आणि हळद घाला. मंद आचेवर ठेवा. उकळी यायला पंधरा-वीस मिनिटं लागू द्या.

तोवर त्रिफळांतले काळे बी काढून टाका. त्याची कचकच लागते आणि चव कडवट. सालं किंचित ठेचून अर्ध्या वाटी पाण्यात भिजत घाला. खोबरं आणि मिरच्या थोड्या पाण्यात बारीक वाटा. वाटण गुळगुळीत हवं, भरड राहिलं तर रसाला दाटपणा येत नाही.

पाण्याला उकळी आली आणि रताळ्यात सुरी निम्मी शिरू लागली की भोपळ्याचे दीड इंची तुकडे टाका. साल कोवळी असेल तर ठेवा. सालीसकट तुकडा आकार धरून राहतो. दहा-बारा मिनिटांत भोपळा शिजतो. बटरनटला थोडा जास्त वेळ द्या.

आता अख्खा आणि घोटलेला घेवडा त्याच्या पाण्यासकट घाला, वाटण घाला, मीठ घाला. पाच-सात मिनिटं हलकी उकळी. डावाने ढवळू नका, पातेलं दोन्ही हातांनी धरून हिंदकळवा. मग त्रिफळांचं पाणी सालांसकट, सोलं आणि गूळ. आणखी पाच मिनिटं. आच बंद करून खोबरेल तेल सोडा आणि झाकण घाला. अर्धा तास तसंच राहू द्या. सोलांचा आंबटपणा आणि त्रिफळाचा वास भाज्यांत मुरायला तेवढा वेळ लागतो. वाढताना बिया पेरा. सोबत उकडा भात किंवा ज्वारीची भाकरी.

वाटणाऐवजी डब्यातलं नारळाचं दूध वापरायचं असेल तर ते अगदी शेवटी, आच मंद करून घाला. आंबट रसात उकळलं की ते फाटतं.

काय घालू नये

या पातेल्यात गरम मसाला नको, गोडा मसालाही नको. दोन्ही चांगले, पण त्रिफळाच्या वासावर ते मात करतात आणि मग या पदार्थात नि कुठल्याही मिश्र भाजीत फरक उरत नाही. चीज, क्रीम, दालचिनी हे भोपळ्याच्या सूपमध्ये अमेरिकी हॉटेलं घालतात, पण त्यांचा तीन बहिणींच्या जुन्या स्वयंपाकाशी संबंध नाही. फोडणीचा मोहही आवरावा. आवडता म्हणून प्रत्येक पदार्थ यात टाकत गेलं तर दोन परंपरांचा मेळ न होता कालवाकालव होते.

स्वतःच्या मनाने दुसरी एखादी जोडी जमवायची असेल तर आधी जागा ओळखा: पोटभरीचं काय, दाटपणा कशाचा, आंबट कोणाचं, स्निग्ध कुठून, वास कशाचा. दोन्ही स्वयंपाकांत या पाच जागा शोधा. जिथे अदलाबदल सहज होते तिथे ती करा. वास आणि आंबट मात्र एकाच परंपरेचं ठेवा. आणि पदार्थ कोणाला खाऊ घालाल तेव्हा त्यातलं कोणाकडून काय आलं हे सांगा. होडेनोशोनींचं नाव घ्यायला वेळ लागत नाही.

राहता राहिलं बियाणं. अहिल्यानगर जिल्ह्यातल्या अकोले तालुक्यात कोंभाळणे गावच्या राहीबाई पोपेरे यांनी वालाचे, घेवड्याचे, भाज्यांचे देशी वाण घरात जपले, इतरांना वाटले. 2020 साली त्यांना पद्मश्री जाहीर झाली. गनॉन्डागनचा पांढरा मका आणि कोंभाळण्यातला वाल टिकला तो कोणीतरी दरवर्षी मूठभर बी बाजूला काढून ठेवल्यामुळे. बाजारातला संकरित भोपळा पुढच्या पिढीत तसाच निघत नाही. पण गावाकडून, ओळखीच्या शेतकऱ्याकडून देशी वाणाचा पिकलेला भोपळा मिळाला, तर सगळ्या बिया भाजून संपवू नका. दहा-बारा धुऊन सावलीत वाळवा, कागदाच्या पुडीत नाव आणि साल लिहून ठेवा, आणि जूनचा पहिला पाऊस झाला की परसात, गच्चीवरच्या पिंपात किंवा सोसायटीच्या कुंपणालगत लावा. शेजारी मक्याचे चार दाणे आणि घेवड्याचे दोन पेरायला विसरू नका.